सीटबेल्टवरचं कापड

मंडळी, आज वसईत एका अंकलकडे जुनी मोठी एसयूव्ही बघायला गेलो. गाडी पुरात बुडालेली तर नाही ना, हे आपण आधी बघतो. म्हणून सगळे सीटबेल्ट शेवटपर्यंत ओढून चिखलाचे डाग शोधले.

मधल्या सीटच्या बेल्टवर सुती कापड शिवलेलं होतं.

"डाग झाकलाय का?" मी चढ्या आवाजात विचारलं.

"नाही रे बाबा. मिसेसचं छातीचं ऑपरेशन झालेलं. बेल्ट टोचायचा तिला, म्हणून मीच शिवलं. आता ती नाही."

मी नको नको म्हणत असताना त्यांनी एकेक टाका उसवला. खालचा बेल्ट स्वच्छ होता. कापडाची घडी करून त्यांनी खिशात ठेवली.

गाडी चांगली आहे हो. पण ती घ्यायला आता कुठल्या तोंडाने जाऊ?