सहावी कुमारिका

इथे आयर्लंडमध्ये, नावनला घर घेतलं त्या वर्षी मी नवस बोलले होते : आमची ईशा पुन्हा गाऊ दे, देवीआई, पाच कुमारिका जेवू घालीन. पंधरा वर्षांची पोर. शाळेत कुणी तिच्या आवाजाची नक्कल केली आणि तिनं बोलणंच सोडलं. तेव्हापासूनचे किस्से इतके साठलेत, की भिशीला बायका म्हणतात, "चहा राहू दे, आधी सांग!"

*

घर स्वस्त का मिळालं, ते शेजारच्या ब्रिजेटनं सांगितलं. "आधीच्यांना बँकेनं पगारही न बघता कर्ज दिलं, मग घर काढून घेतलं. त्यांची लेक आवेना जिन्यात तिसऱ्या पायरीवर बसून गायची."

"आता कुठे असते?"

"कुणाला ठाऊक, लव्ह. बाकी घर ग्रँड आहे!"

*

पहिल्याच आठवड्यात जिन्यातून गुणगुण ऐकू आली. हे म्हणाले, "पाइप वाजतायत."

"अहो, सुरात?"

"आपला हप्ता बघता सुरातच वाजायला हवेत!"

*

ग्रेस नावाची नायजेरियन बाई चर्चच्या हॉलमध्ये अशा मिटून गेलेल्या मुलांकडून गॉस्पेल गाऊन घेते. देव कुणाचा का असेना, मी ईशाला नेलं. ग्रेस डोळे मिटून आवाज मोजते. मुलं अकरा, ईशा गप्प, म्हणजे आवाज दहा.

"अकरा!" ग्रेस म्हणाली. "तुझी लेक गातेय!"

मी बघत होते. ईशाचे ओठ घट्ट मिटलेले.

*

परतताना ईशा कित्येक महिन्यांनी बोलली. "दॅट वॉजन्ट मी, आई. ती आपल्याबरोबर गाडीतून येते."

मी आरशात बघितलं नाही. हात जोडावेत, तर हातात स्टीअरिंग!

*

नवरात्र आलं. ईशा अजून गात नव्हती, तरी मी कुमारिका बोलावल्या. हे हसले, "काम व्हायच्या आधीच नवस फेडतेस? तुझी बँक उलटीच आहे!" म्हटलं, देवीवर माझा विश्वास आहे.

ईशा आणि ग्रेसच्या गाण्याच्या वर्गातल्या चार पोरी. दारातच पाचही जणींचे पाय धुतले, पुसले, कुंकू लावलं, पानावर बसवलं. पुऱ्या आणायला वळले, तर जिन्यावर ओली पावलं. वर जाणारी. तिसऱ्या पायरीवर थांबलेली.

पाचही पोरी जागेवरच होत्या.

मी सहावं ताट वाढलं, त्या पायरीवर ठेवलं. "जेव गं, आवेना."

ईशानं मान वर केली आणि गायला लागली. पोरींचे घास हातातच राहिले. पोरींना घेऊन आलेल्या, दारात उभ्या ग्रेसनं डोळे मिटले.

"दोन," ती म्हणाली.

तुम्हीही नव्या घरात राहायला गेलात, तर पहिल्या दिवशी एक ताट जास्त वाढा. वाढाल ना?