शेवटचा कुणगा

एका स्वीडिश लेखिकेने मला फसवलं. माझे वडील उचलून तिने आपल्या गावच्या बर्फात नेऊन ठेवले, आणि जग तिला मातीशी इमान राखणारी कादंबरीकार म्हणतं.

सौदीत अल-खोबरला माझं जुन्या फर्निचरचं दुकान आहे. मायदेशी परतणाऱ्या कुटुंबांचं सामान मी घेतो आणि नव्याने येणाऱ्यांना विकतो. रत्नागिरीच्या खाडीकाठून हमालीला आलो होतो. आज दुकान माझं, टेम्पो माझा. भाव करताना मला अजून कोणी गुंडाळलेलं नाही. गिऱ्हाइकाला बसवायचं, सुलेमानी चहा पाजायचा, गावची एखादी गोष्ट सांगायची. बसलेलं गिऱ्हाईक सहसा रिकाम्या हाताने उठत नाही.

ही बाई नवऱ्याच्या नोकरीमुळे इथे आलेली. टेबलासाठी कोळणीसारखी घासाघीस केली तिने, म्हणून मला आवडली. मग येतच राहिली. जंगलालगतच्या खेड्यात गाईंच्या धारा काढत वाढली होती. तिची सगळी पुस्तकं त्या एका खेड्यावरच: गोठे, बटाट्याची शेतं, अबोल म्हातारे. आता खेडं ओस पडलं होतं आणि तिचं लिहिणं थांबलं होतं.

"तिथलं प्रत्येक माणूस मी वापरून संपवलं," ती म्हणाली.

"मॅडम, माझ्या गावात अजून स्टॉक आहे," मी म्हणालो.

आणि मी वडिलांबद्दल सांगितलं. भात झोडून झालं की वडील संध्याकाळी एकटे मेरेवरून, म्हणजे शेताच्या बांधावरून, चालत निघायचे. प्रत्येक कुणग्यापाशी, भाताच्या खाचरापाशी, थांबून त्याला नावाने हाक मारायचे. "भेंडीखालच्या, नीज आता." "आडव्या, नीज आता." गावात दुसरं कोणी असं करत नसे. ज्याला हाक मारली नाही तो कुणगा जागा राहतो, असं ते म्हणत. शेवटचा कुणगा खाडीला टेकलेला. त्याला हाक मारून झाली की मगच घरी येऊन पाय धुवायचे.

ती चहा प्यायला विसरली. सगळी नावं माझ्याकडून पुन्हा वदवून घेतली, शेवटचंसुद्धा. त्या दिवशी तिने काहीच विकत घेतलं नाही, तेव्हाच मला कळायला हवं होतं.

काही दिवसांनी ती मायदेशी निघून गेली. पुढे तिच्या नव्या कादंबरीचं इंग्रजी भाषांतर माझ्या मुलीला मोबाईलवर सापडलं. जेवताना ती वाचून दाखवू लागली. बर्फाळ शेतातून एक म्हातारा चालतोय, एकेका शेताला झोपायला सांगतोय. प्रस्तावनेत लिहिलंय की हा लेखिकेचा आजा.

"पुढे वाच," मी म्हणालो.

"ही डाइज, अब्बा. लास्ट फील्डच्या आधी."

माझा घास हातातच राहिला. "माझ्या बापाने एकही कुणगा कधी सोडला नाही."

"अब्बा, इट्स फिक्शन."

"फिक्शन म्हणजे काय, फुकट?"

बायको म्हणाली, "आधी जेवा. तुमचा आवाज पाकिस्तानी शेजाऱ्याकडे जातोय."

तेव्हापासून डोळे मिटले की वडील दिसतात ते बर्फातच. अंगात तीच बंडी, पण पाय दिसत नाहीत. दुकानात ओळीने मांडलेल्या पलंगांमधून जाताना मागून कोणीतरी थांबत थांबत येतंय असं वाटतं. मी थांबलो की तेही थांबतं.

सुट्टीला गावी गेलो, ते थेट मेरेवर. वडील गेल्यापासून शेत पडीक. मेरही जेमतेम ओळखू येत होती. मी हाका मारत गेलो. भेंडीखालचा आठवला, आडवा आठवला, म्हातारीचा आठवला. खाडीपाशी पोचलो आणि तोंड उघडं राहिलं. नाव येईना. भावाला विचारलं, तो म्हणाला, "शेतांना कुठे नावं असतात?" आईला जाऊन वर्षं झाली. तिथे उभा राहून आठवायला गेलो की पुस्तकातलं बर्फच आठवे, आणि त्यात पडलेला म्हातारा.

म्हणजे ते नाव आता या जगात एकाच माणसाकडे आहे. मी तिच्या जुन्या नंबरवर फोन केले. तो बंद आहे. प्रकाशकाला मुलीकडून मेल लिहून घेतला. लेखिका सध्या तिच्या गावी विश्रांती घेत आहेत, असं उत्तर आलं.

विश्रांती घ्या मॅडम. पुस्तक तुम्हीच ठेवा, आजाही ठेवा. पण माझा बाप अजून खाडीवर उभा आहे आणि तो कुणगा जागा आहे. तुम्ही त्याला वाटेत का पाडलंत, याचा जबाब द्या. आणि त्या कुणग्याचं नाव मला सांगा.