सरांचा आवाज, चारही खोल्यांत

सरांना शाळेत सगळे भोंगा म्हणत. ते कवायत शिकवायचे. मैदानाच्या एका टोकाला उभं राहून त्यांनी ‘सावधान!’ म्हटलं की फाटकाबाहेरून सायकलवर जाणारा पोस्टमनसुद्धा ताठ व्हायचा, असं आम्ही पोरं हसून सांगायचो. त्यांच्या घरात हे कोणी हसून सांगत नसे.

निवृत्तीनंतर त्यांना घशाचा आजार झाला. डॉक्टरांनी स्वरयंत्र काढून टाकलं. मानेत एक भोक राहिलं, त्यावर पांढरं फडकं. दोन्ही बाजूंच्या गाठी काढताना खांद्याकडे जाणाऱ्या नसा दुखावल्या. तेव्हापासून हात खांद्याच्या वर जाईनात. बाकी प्रकृती ठणठणीत.

“जीव वाचला हे महत्त्वाचं,” डॉक्टर म्हणाले.

सरांनी पाटीवर लिहिलं, “कोणाचा?”

गळ्याला लावून बोलायचं एक यंत्र मिळालं होतं. ते त्यांनी घरी एकदाच लावलं. डब्यात माशी अडकावी तसा आवाज आला. त्यांची मुलगी हसली. बापासमोर ती पहिल्यांदाच हसत होती, त्यामुळे तिला थांबता येईना. सरांनी यंत्र कपाटात टाकलं आणि पाटी धरली ती धरलीच.

मी त्यांच्याच घराच्या वरच्या खोलीत भाड्याने राहतो. त्यांचा विद्यार्थी होतो, पण आमची मैत्री त्यांचा आवाज गेल्यावरच झाली. आधी ती शक्यच नव्हती. दुपारी आम्ही बुद्धिबळ खेळायचो. ते मला कवी म्हणत, म्हणजे पाटीवर तसं लिहीत. मी कविता करत नाही. साहित्य घेऊन पदवी मिळवली होती आणि नोकरी नव्हती, एवढ्या लक्षणांवरून त्यांनी निदान केलं होतं.

मी बघत होतो ते त्यांच्या खोलीच्या दारातून. घर बदलत होतं.

काकू, सरांच्या पत्नी, आधी स्वयंपाकघरात भांडी अशी ठेवायच्या, जणू ती झोपलेली आहेत. आता त्या दणादण आपटत होत्या. मग गुणगुणू लागल्या. गळा नव्हता, ताल नव्हता, पण हौस होती. मुलगी चष्म्याच्या दुकानात काम करते. घरी आली की ती फोनवर मैत्रिणीशी मोठमोठ्याने बोलायची, दार उघडं ठेवून. लहानपणी याच घरात दार आपटलं म्हणून तिला अंगणात हात वर करून उभं राहावं लागायचं. शेजारीण सांगते, पोरीचे हात खाली आले की आतून नुसतं ‘पुन्हा!’ ऐकू यायचं, आणि ते परत वर जायचे.

सर पाटीवर पट्टी आपटायचे. काकू यायच्या. पाटीवर लिहिलेलं असायचं, “चहा.”

“चष्मा सापडत नाहीये हो,” काकू म्हणायच्या. चष्मा त्यांच्या डोक्यावर असायचा. “पोरी, बघ गं, बाबांनी काय लिहिलंय.”

“आले, आले,” आतून उत्तर यायचं. येत कोणी नसे.

एकदा सरांनी चिडून लिहिलं, “मुलगी चष्म्याच्या दुकानात आणि आई आंधळी!” ते मी वाचून दाखवलं. काकू म्हणाल्या, “दिव्याखाली अंधार म्हणतात तो हाच,” आणि गुणगुणत निघून गेल्या.

त्या दुपारी सरांनी मला पलंगाखालची पेटी ओढायला लावली. आत कॅसेटी होत्या. शाळेच्या क्रीडादिनांना येणारा साउंडवाला दर वर्षी सगळं ध्वनिमुद्रित करायचा आणि एक प्रत सरांना भेट द्यायचा. मी शेजारच्या गल्लीतून एक जुना टेपरेकॉर्डर आणला, कॅसेटी संगणकावर उतरवल्या, आणि सरांच्या सांगण्यावरून त्यांचे तुकडे केले. “सावधान!” “आवाज बंद!” “ताठ बस!” “मान वर!” “हात वर!” “मागच्या रांगेत कोण हसलं?” “पुन्हा!” प्रत्येक तुकडा ते डोळे मिटून ऐकत. ओठ हलत. गळ्यावरचं फडकं आतबाहेर होई.

मग त्यांनी लिहिलं, “हे प्रत्येक खोलीत हवं. एकाच वेळी. मी इथे बसून.”

आम्ही दुकानात गेलो. काचेच्या फळ्यांवर स्पीकर मांडले होते, कोणी डब्यासारखा, कोणी उशीसारखा. विक्रेता तरुण होता. त्याने सरांना खुर्ची दिली आणि एकामागून एक गाणी लावली. सर नकारार्थी मान हलवत राहिले. शेवटी पाटी पुढे केली.

“गाणं नको. माणूस बोलतो ते लाव.”

विक्रेत्याने दोन कोपऱ्यांतल्या स्पीकरवर एकदम बातम्या लावल्या. सर उठले, दुकानाच्या या कोपऱ्यातून त्या कोपऱ्यात चालत गेले. तिथल्या स्पीकरचा शब्द जरा मागून येत होता. त्यांनी पायानेच ठेका धरून दाखवला: एकदा इथे, एकदा तिथे. चूक.

“मानलं काका तुम्हाला,” विक्रेता म्हणाला. “हा स्वस्तातला आहे, मागे पडतो थोडा. हे बघा, हे चार घेतले की घरातलं एकच वायफाय, एकच ॲप. चारही खोल्यांत शब्द एकदम पडणार. बारीकसुद्धा फरक नाही.”

सरांचा चेहरा कवायतीला रांग सरळ आल्यावर व्हायचा तसा झाला. पण त्यांना आणखी एक गोष्ट हवी होती.

“वर बटण नको. घरातले बंद करतील.”

विक्रेता मोठ्याने हसला. “बरोबर आहे! आमच्याकडेही तेच, काका. मग हा घ्या. याला बटणच नाही. लहान-मोठा, चालू-बंद, सगळं फोनवरून. नाहीतर तोंडी. नुसतं म्हणायचं, ‘बंद कर’. म्हणून बघा ना.”

सर त्याच्याकडे बघत राहिले. विक्रेत्याची नजर फडक्यावर गेली. तो गडबडला, एक वायर उगाच गुंडाळू लागला.

सरांनी लिहिलं, “हाच. चार.”

बसवायला माणूस आला तेव्हा सरांनी प्रत्येक खोलीत स्वतः जागा दाखवली. पट्टीनेच, कारण हात वर जात नव्हता. छताच्या खाली, जिथे काकूंचा हात पोचणार नाही. वायरी भिंतीतून. त्यांच्या खोलीतला स्पीकर पलंगासमोर. ॲपवर घराचं खातं त्या माणसाने मुलीच्या नावाने उघडलं, कारण तिला आपला नंबर पाठ होता आणि ती घरात होती; सरांचा फोन आणि आवाजाचे तुकडे त्यात जोडले. सर तेवढ्या वेळेस स्वयंपाकघरातला स्पीकर सरळ लागला की नाही ते बघत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी वरच्या खोलीत दाढी करत होतो. खालून आवाज आला, “सावधान!”

माझा हात थांबला. मला नोकरी नव्हती, मिशी होती, आणि मी आरशासमोर टाचा जुळवून उभा होतो.

सरांना घर परत मिळालं. ते खुर्चीत बसून फोनवर बोट ठेवायचे. काकू गुणगुणल्या की चारही खोल्यांतून, “मागच्या रांगेत कोण हसलं?” मुलगी फोनवर बोलायला लागली की, “आवाज बंद!” शेजारीण चहाला आली होती. “ताठ बस!” झालं आणि बशी तिच्या मांडीवर. ती पुन्हा आली नाही. सर खांदे हलवत हसले. त्यांच्या हसण्याला आवाज नव्हता, नुसता भोकातून वारा.

भांडी परत झोपली. मुलगी दार लावून घेऊ लागली. काकूंना मी ओट्यापाशी पाहिलं, पाठ सरळ, मान वर, कोणी काही म्हणालं नसतानाही. वाट बघत होत्या.

“काकू, मी सांगू का सरांना?” मी विचारलं.

“काय सांगणार?”

“म्हणजे, जरा कमी…” मी म्हणालो.

“राहू दे. शिकलेला आहेस, तोंडाला त्रास कशाला.”

मग एका दुपारी काकू उकळतं दूध उतरवत होत्या आणि स्पीकरमधून “हात वर!” आलं. त्यांनी हात वर केले. दोन्ही. पातेल्यासकट नाही, पातेलं सुटलं. दूध पायावर, ओट्यावर, सगळीकडे.

मी धावलो. मुलीला सुट्टी होती, तीही आली. काकू ओरडल्या नाहीत. पाय नळाखाली धरून उभ्या राहिल्या. सरांच्या खोलीतून काही ऐकू आलं नाही. त्यांना दूध सांडल्याचं कळलंही नसावं. गुणगुणणं थांबलं एवढं कळलं असेल. मी त्यांच्या खोलीत गेलो तेव्हा ते खुर्चीतच डुलकी घेत होते, फोन मांडीवर.

परत आलो तर काकू जेवणाच्या टेबलापाशी बसल्या होत्या. पायाला मलम. चष्मा डोळ्यांवर.

“तो फोनवरचा खेळ मला शिकव,” त्या मुलीला म्हणाल्या.

मुलगी आपला फोन घेऊन शेजारी बसली. दोघींची डोकी जवळ आली. लहान मुलाला अक्षरं शिकवावीत तसं ती हळूहळू सांगत होती. “ही घरातली माणसं. हा बाबांचा फोन. इथे दाबलं की विचारतं.”

काकूंनी मोठ्याने वाचलं, अडखळत, “या सदस्याला घरातून काढून टाकायचं आहे का?”

“आई, तू दाब.”

काकूंनी दाबलं.

“आता खोल्या. या चार. स्वयंपाकघर काढ.” दाबलं. “बैठकीची खोली काढ. माझी काढ.” दाबलं, दाबलं. “राहिली बाबांची.”

“एवढंच?” काकू म्हणाल्या. “एवढंच होतं होय!”

त्या लंगडत सरांच्या खोलीच्या दारापर्यंत गेल्या. मुलगी मागे. मी तिच्या मागे. मला वाटलं, त्या काहीतरी बोलणार आहेत. त्यांनी चष्मा नीट केला आणि बोट टेकवलं.

“ताठ बस!”

सर दचकून जागे झाले. ताठ बसले. दाराकडे बघायच्या आधी त्यांनी समोर बघितलं, वर, भिंतीकडे. क्षणभर त्यांना तो आवाज आपला आहे हे ओळखूच आलं नाही. मैदानावर आम्ही घाबरायचो तसे ते घाबरले.

मग ओळखलं. फोन उचलला. बोट फिरवलं, परत फिरवलं. फोनमध्ये घर नव्हतं.

“मान वर!”

ते उठले. स्पीकरखाली गेले. हात उचलले, ते खांद्यापर्यंत येऊन थांबले. पट्टी घेतली, तिचं टोक जेमतेम टेकलं. बटण असतं तर दाबता आलं असतं. त्यांनी तोंड उघडलं. गळ्यावरचं फडकं फुगलं. ‘बंद कर’ म्हणत असावेत. स्पीकरला ते ऐकू आलं नाही.

“आई, मोठा कर,” मुलगी म्हणाली.

“आवाज बंद!” स्पीकर गरजला.

मला हसू आलं. का आलं, कळलं नाही. सरांनी माझ्याकडे पाहिलं. मी नजर काढून घेतली.

ते परत खुर्चीत बसले. पाटी ओढली. खडू मोडला, उरलेल्या तुकड्याने लिहिलं आणि पाटी काकूंसमोर धरली.

काकूंनी चष्मा काढला. पदराने पुसला. डोक्यावर ठेवला.

“मला दिसत नाहीये हो,” त्या म्हणाल्या. “कवी, तू वाच रे. काय म्हणतायत?”

“पुरे,” मी वाचलं.

“पुरे,” काकू म्हणाल्या. त्यांनी मुलीकडे पाहिलं. “तू म्हणायचीस ना गं असं? अंगणातून?”

“मी म्हणायचे. तूही म्हणायचीस, खिडकीतून.”

“मला वाटलं, मी मनातच म्हणायचे.” काकूंनी फोन मुलीकडे दिला. “चष्मा नाही. तूच बघ. ते हाताचं कुठलं?”

मुलीने दाबलं.

“हात वर!”

सरांनी पाटी मांडीवर ठेवली आणि हात उचलले. ते खांद्यापाशी आले. तिथून पुढे जायला तयार नव्हते. बोटं तेवढी वर होती, ताठ, जुळवलेली, शाळेत शिकवायचे तशी. कपाळावर घाम आला. हात खाली आले.

“चहा घेशील?” काकूंनी मला विचारलं. “दूध सांडलं सगळं, पण काळा होईल.”

त्या स्वयंपाकघराकडे वळल्या. भांडं आपटल्याचा आवाज आला. मग गुणगुणणं.

मुलगी दारातच उभी होती. तिला कुठला तुकडा हवा आहे ते तिला शोधावं लागलं नाही.

“पुन्हा!”

सरांनी हात उचलायला घेतले.