त्याला जोलोफ म्हणायचं नाही!

परगावात नोकरी केली की घरात दोन गोष्टी आपोआप साठतात. रिकामे खोके आणि किस्से! खोके बदलीच्या वेळी कामाला येतात, किस्से बदली झाल्यावर. माझ्या लखनौच्या नऊ वर्षांतले निम्मे किस्से एका भाताच्या नावावर जमा आहेत, हे सांगितलं तर आमची ही अजून विश्वास ठेवत नाही.

तेव्हा, म्हणजे नव्वदच्या दशकात, मी तिथल्या एका संशोधन संस्थेत टेक्निकल असिस्टंट होतो. आमचे स्टोअर्स ऑफिसर मेश्रामसाहेब नागपूरचे. लखनौच्या महानगर नावाच्या भागात त्यांचं घर, पुढे अंगण, वर गच्चीवर एक खोली. त्या खोलीत फेमी राहायचा. फेमी नायजेरियाचा, इबादान शहरातला. आमच्या संस्थेत वनौषधींवर पीएच.डी. करायला आलेला. उंची सहा फूट दोन इंच आणि हिंदी इतकी अदबीची, की त्याच्याशी भाडं ठरवताना रिक्षावालेच ओशाळायचे.

मी तेव्हा ब्रह्मचारी. रविवारचं जेवण मेश्रामांकडेच. वहिनी म्हणायच्या, "एक वरून उतरतो, एक फाटकातून येतो. मी काय खानावळ उघडली?" आणि मग आम्हाला आग्रह करकरून वाढायच्या.

*

एका रविवारी फेमीने वहिनींना सुट्टी दिली. गच्चीवर स्टोव्ह पेटवून त्याने भात केला. टोमॅटो, लाल मिरच्या आणि कांदा वाटून तेलात इतका वेळ परतला, की शेजारच्या शर्माजींच्या घरातली सगळी मंडळी शिंकत बाहेर आली! भात लालभडक. आम्ही ताटं चाटूनपुसून साफ केली.

"काय म्हणतात याला?" वहिनींनी विचारलं.

"टोमॅटो राइस," फेमी म्हणाला.

पुढे दोनेक महिन्यांनी त्याच्या घरून फोटो आले. कुणाच्या तरी बारशाची पार्टी. रंगीत कपड्यांतल्या बायका, डोक्यावर भले मोठे फेटे, आणि प्रत्येकीच्या हातातल्या ताटात तोच लाल भात. फोटोमागे इंग्रजीत लिहिलेलं, 'जोलोफ खाताना आम्ही सगळे.'

वहिनींनी चोर पकडला. "काहून रे, हा तर तोच भात! आमच्याजवळ नाव लपवलं?"

फेमीने कानाला हात लावले. म्हणाला, "वहिनी, वो जोलोफ है. मैंने जो बनाया, वो चावल था."

मग त्याने नीट समजावलं. त्यांच्याकडे बाकी लोक रोजच्या भातालाही जोलोफ म्हणतात. पण त्याच्या आईचा नियम कडक. अंगणात चूल, चुलीत लाकडं, हे एवढं मोठं पातेलं, तळाला लागून धूर भातात उतरलेला, आणि मुख्य म्हणजे घरात काहीतरी आनंदाचं घडलेलं. एवढं असेल तर जोलोफ. नाहीतर मुकाट्याने टोमॅटो राइस म्हणायचं!

*

मेश्रामसाहेबांचा पिंड स्टोअर्सचा. वस्तू आली की तिचं वर्णन, मूळ ठिकाण, सगळं लागायचं.

"जोलोफ म्हणजे अर्थ काय?" त्यांनी फेमीला विचारलं.

फेमी म्हणाला, की जोलोफ हे एका जुन्या राज्याचं नाव. सेनेगलकडचं. तिथल्या लोकांचा हा मूळ पदार्थ.

"तुमच्या गावाहून किती लांब?"

"बहुत दूर, सर. बीच में कई मुल्क पड़ते हैं."

"तू गेलास कधी?"

"कभी नहीं, सर."

साहेबांनी थोडा विचार केला. "बरोबर आहे. आमच्या नागपुरात सीताबर्डीतला म्हैसूरपाकवालाही कधी म्हैसूरला गेलेला नाही."

*

संस्थेच्या होस्टेलवर घानाचा एक मुलगा होता. त्याचं म्हणणं, खरा जोलोफ घानाचाच. या विषयावर त्याची आणि फेमीची लायब्ररीत इतकी जुंपली, की लायब्ररियनने दोघांना बाहेर काढलं! शेवटी ठरलं, की दोघांनी मेश्रामांकडे आपापला भात करायचा आणि निकाल साहेबांनी द्यायचा.

साहेबांनी दोन्ही भात दोन-दोनदा घेतले. मग दोन्हींवर ताक प्यायले. दोन मोठी माणसं परीक्षेच्या निकालाची वाट बघत असल्यासारखी समोर उभी.

साहेबांनी हात पुसले. "चौकशी अपूर्ण. पुढच्या रविवारी दोन्ही पक्षांनी पुन्हा हजर राहावं."

ही चौकशी चार रविवार चालली.

*

या भाताला लागतो उकडा तांदूळ. लखनौत त्याला 'सेला' म्हणतात, आणि तो पोत्याने नेतात ते दावतीचे आचारी. फेमी निशातगंजच्या दुकानात पाच किलो सेला मागायला गेला, तेव्हा मी बरोबर होतो.

दुकानदाराने चष्मा वर केला. "भैया, घर के लिए बासमती ले जाइए. सेला तो शादी-ब्याह में लगता है. किसकी शादी है?"

"मेरी," फेमी म्हणाला.

"अरे वाह! कब?"

"थीसिस के बाद."

दुकानदार म्हातारा होता, मुलगा युनिव्हर्सिटीत शिकत होता. त्याने कीव आल्यासारखं फेमीकडे पाहिलं. "तो फिर अभी बासमती ही ले जाइए!"

*

हसलो खरे, पण दुकानदाराने नेमकं दुखऱ्या जागेवर बोट ठेवलं होतं. इबादानमध्ये रोंके नावाची मुलगी फेमीची वाट पाहत होती. चार वर्षं! तिच्या वडिलांनी कळवलं होतं, की डॉक्टर होऊन यंदा आलास तर मुलगी तुझी, नाहीतर आम्हाला दुसरीकडे बघावं लागेल. फेमीचा व्हिसा मेअखेर संपत होता. त्याआधी थीसिस आणि तोंडी परीक्षा, दोन्ही व्हायला हवं होतं.

त्याच्या मावशीची दर महिन्याला पत्रं यायची. शेवटची ओळ ठरलेली, 'तुझा भात कधी खाऊ घालतोस?' त्यांच्याकडे लग्नाचं असंच विचारतात.

वहिनींना हे भारी आवडलं. "आमच्याकडे लाडू विचारतात. एकच झालं."

मी मोठ्याने हसलो. तशा वहिनी माझ्याकडे वळल्या. "तुम्ही काय हसून राहिले, भाऊजी? त्याचा भात थीसिसमध्ये अडकला. तुमचे लाडू कुठे अडकले ते तरी सांगा!"

फेमी त्या दिवशी जितका हसला, तितकं हसताना मी त्याला कधी पाहिलं नव्हतं.

*

थीसिस अडला होता सक्सेना सरांपाशी. सर फेमीचे गाइड. विद्वान माणूस, पण त्यांच्या तोंडून 'ठीक है' हे शब्द ऐकलेला विद्यार्थी अजून जन्माला यायचा होता. कुठलंही प्रकरण नेऊन दिलं, की ते चाळायचे आणि म्हणायचे, "दोबारा देख लीजिए." तिसरं प्रकरण फेमीने सात वेळा दोबारा पाहिलं!

वहिनी म्हणाल्या, "माणूस पोटातून वितळतो." त्यांनी फेमीकडून भात करवून घेतला आणि डबा देऊन त्याला सरांकडे पिटाळलं. मी काहीतरी निमित्त काढून मागोमाग गेलो.

सरांनी डबा उघडला. वास घेतला. चमचाभर भात तोंडात घातला आणि डोळे मिटले. फेमी श्वास रोखून उभा.

सरांनी डोळे उघडले. "नमक दोबारा देख लीजिए."

*

अखेर मेच्या तिसऱ्या आठवड्यात तोंडी परीक्षेची तारीख लागली. बाहेरचे परीक्षक येणार होते. फेमीने ठरवलं, त्या दिवशी मेश्रामांच्या अंगणात जोलोफ. खरा जोलोफ, लाकडावरचा! सक्सेना सरांनाही तो आमंत्रण देऊन आला. सर म्हणाले, "देखते हैं."

मी म्हटलं, "अरे, आधी निकाल तर लागू दे."

तो म्हणाला, "भाई साहब, चूल्हे पर पतीला चढ़ जाए तो खुशी को आना ही पड़ता है."

मला मनातून भीती वाटली.

मोठ्या पातेल्यासाठी, लखनौच्या भाषेत देगेसाठी, निशातगंजचे रईसभाई बोलावले. पिढीजात आचारी. सकाळी दहाला अंगणात चूल मांडली, फेमीने मसाला स्वतः परतला, तांदूळ घातले, आणि सूट चढवून परीक्षेला निघाला. जाताना मला बाजूला घेतलं. "चावल नीचे लगना चाहिए. रईसभाई लगने नहीं देंगे. आप पहरा दीजिए."

कामावर रजा टाकून मी पातेल्याशेजारी स्टूल घेऊन बसलो. तासाभराने करपल्याचा पहिला वास आला. रईसभाई ताडकन उठले.

"लग रहा है, साहब!"

"लगने दीजिए."

"साहब, नीचे से जल जाएगा!"

"जलाना ही है."

रईसभाईंनी माझ्याकडे अशा नजरेने पाहिलं, जणू मी त्यांच्या मुलीची सोयरीक मोडली होती. त्यांनी चुलीतलं एक लाकूड हळूच बाहेर ओढलं. मी ते आत सरकवलं. त्यांनी दुसरं ओढलं. मी तेही आत सारलं. शेवटी ते गुडघ्यांवर हात ठेवून बसले. "हमारे अब्बा की देग कभी नहीं लगी. हमारी कभी नहीं लगी. आज आप लगवा रहे हैं!" त्या गृहस्थाच्या डोळ्यांत खरोखर पाणी होतं. धुराचं असावं, असं मी स्वतःला समजावलं.

दोन वाजता झाकण काढलं. काय तो वास! फाटकासमोरून जाणारे लोक थबकायला लागले. रईसभाईंनी नाइलाजाने बोटभर भात चाखला, आणि मग कुणाचं लक्ष नाही असं पाहून आणखी चाखला.

तीन वाजता फेमी आला. टाय खिशात, चेहरा उतरलेला. सरळ जाऊन चुलीजवळच्या विटांवर बसला.

"काहून बाप्पा, काय झालं?" वहिनी धावल्या.

परीक्षकांनी दोन तास प्रश्न विचारले. मग त्याला बाहेर थांबायला सांगून दार लावून घेतलं. तासभर आतून नुसते वादाचे आवाज. शेवटी चपराशाने येऊन सांगितलं, "साहब लोग अभी नहीं निकलेंगे, आप घर जाइए." एवढंच. आत वाद म्हणजे काय, हे न कळायला फेमी काही लहान नव्हता. व्हिसाचे नऊ दिवस उरले होते.

मला तर पातेल्याकडे बघवत नव्हतं. मेश्रामसाहेब आत जाऊन बाहेर आले, पुन्हा आत गेले. शेवटी वहिनींनी पदराने डोळे पुसले आणि ताट घेतलं. "सकाळपासून उपाशी आहेस. जोलोफ वाढू?"

फेमी वर न बघता म्हणाला, "वहिनी, टोमॅटो राइस कहिए."

त्याने स्वतःच झाकण पुन्हा पातेल्यावर ठेवलं.

तेवढ्यात फाटकाशी स्कूटर थांबली. सक्सेना सर! चार वर्षांत ते कुणाच्या घरी गेल्याचं आम्ही ऐकलं नव्हतं. हेल्मेट काखेत, शर्ट घामाने चिंब, कपाळावर नेहमीच्या आठ्या. साहेबांनी खुर्ची पुढे केली, सरांनी तिच्याकडे पाहिलंही नाही. सरळ चुलीपर्यंत आले, झाकण उचललं, आत डोकावले. आम्ही सगळे उभेच. फेमी तेवढा मान खाली घालून विटांवर.

सरांनी चौरंगावरचं एक रिकामं ताट उचललं आणि दोन्ही हातांनी पुढे धरलं.

"डॉक्टर साहब, थोड़ा जोलोफ हमें भी मिलेगा?"

फेमी गडबडून उठला आणि मागे वळून पाहायला लागला, कोण डॉक्टर आले म्हणून.