उकव्यात वाजलेला तिसरा अल्बम

गोंदियाहून बालाघाटला उतरलो, स्टेशनबाहेर पोहे खाल्ले आणि बैहरची बस धरली. वाटेतल्या उकव्याला प्रफुल राहतो. त्याची माफी मागून त्याला चौथ्या अल्बमसाठी मनवायचे होते.

आमचा प्रोग्रेसिव्ह रॉक बँड फक्त स्टुडिओतला. मी पुण्यात गिटार वाजवायचो. तो मँगनीजच्या खाणीतली पाळी संपवून घरी ड्रम वाजवायचा आणि रेकॉर्डिंग पाठवायचा. समोरासमोर कधी भेटलोच नाही. पहिल्या अल्बमात गाणी वीस-वीस मिनिटांची, ठेका मनाला येईल तसा. दुसरा जरा शिस्तीतला. तिसऱ्याच्या वेळी माझ्या डोक्यात हवा गेली. त्याचे सगळे ड्रम पुसून मी ड्रम मशीनचा ठेका लावला, अल्बमवर वादक म्हणून नाव मात्र त्याचेच ठेवले. विचारलेही नाही. तेव्हापासून त्याने काही पाठवले नाही.

जंगलातल्या चढावर बस तापून बंद पडली. शेजारचे आजोबा म्हणाले, "इकडं काहून (कशाला) येऊन राह्यले?"

"मित्राकडे," मी म्हणालो. म्हणताना लाज वाटली.

उकव्याला पोहोचलो तेव्हा प्रफुल दारातच उभा होता. "ये," एवढेच बोलला. आत कोपऱ्यात ड्रम रचलेले, त्यांवर धानाची पोती. त्याच्या आईने चिन्नोरचा (इथला सुवासिक तांदूळ) भात वाढला आणि मोबाइलवर तिसरा अल्बम लावला.

"हे मले रोज लागते, बाबू. पयले दोन काही समजले नाही. याच्यात माह्या पोराचा हात पाय कसा साफ चालते."

मी प्रफुलकडे पाहिले. तो खाली मान घालून भात कालवत राहिला. त्याच्या आईने आग्रहाने आणखी वाढले.

तो बसपर्यंत सोडायला आला. मी म्हणालो, "चुकलं माझं. चौथ्यात तू वाजव, तुला हवं तसं."

"अन् मंग आईले काय सांगू? दोन वर्सांपासून मशीन आयकून राह्यली म्हणून?"

बस आली.

"चौथ्यात बी मशीनच लाव," तो म्हणाला. "नाव माहं ठेव."

परतीच्या गाडीत मी पहिला अल्बम लावला. एका जागी तो मागे पडतो, मग धावत येऊन मला गाठतो. तेव्हा मला ती चूक वाटली होती. चौथ्यात असे काही ऐकू येणार नाही. माफी मागायला गेलो होतो, तोच गुन्हा पुन्हा करायची परवानगी घेऊन आलो.