जे कमी असेल ते

चहावाल्यानं "फुल का हाफ?" विचारलं की चाचा दोन बोटं वर करून म्हणायचे, "जे कमी असेल ते." मग तो हाफच भरायचा, आणि चाचा तेवढ्या चहावर पाऊण तास काढायचे.

तुमच्याही गावात स्टँडजवळ असा अर्ज लिहिणारा एखादा माणूस असेल. आमचे चाचा कोर्टातून कारकून म्हणून निवृत्त झालेले. आखाडा बाळापूरच्या स्टँडसमोर, पत्र्याखाली त्यांचं टेबल. कुठलाही कागद ते खालून वाचायला घ्यायचे. "अगोदर सही, मंग तारीख. ते बराबर नसंल तर वरचं सगळं गप्पा."

त्यांच्या टेबलासमोरच्या मेडिकलात मी काउंटरवर होतो, अजून आहे. गाव माझं चंदगडकडं. आठवीत शाळा सुटली. मी "काय करालायसा?" म्हटलं की इथली गिऱ्हाईकं हसायची, "काय करून राहिले म्हन, भाऊ!" दुकानामागची खोली शेठनी राहायला दिलेली. शेठ फार्मासिस्ट, मी गोळ्या काढून देणारा. पण गावाकडं वडील सांगायचे, पोरगा मेडिकल लाइनला आहे.

सरकारनं मिरगीच्या एका गोळीची किंमत उतरवली. कंपनीची नवी यादी आली. यादी गिऱ्हाइकाला दिसेल अशी लावायची, असा नियम. मी चार खिळे मारून लावली, जरासुद्धा तिरकी नाही. सगळी इंग्रजी. कपाटातल्या स्ट्रिपांवर मात्र जुनीच, जास्तीची किंमत छापलेली. तांड्यावरची एक बाई लेकरासाठी ती गोळी घ्यायला आली. मी छापील किंमत घेतली आणि वर ऐटीत म्हणालो, "छापलंय त्याच्यापेक्षा एक पैसा जास्त नाही, मावशी."

पुढं औषध कार्यालयाचं पत्र आलं. मिरगीच्या गोळीला जास्त किंमत घेतल्याची तुमच्याविरुद्ध तक्रार आहे, खुलासा करा. शेठ घरी जेवायला गेलेले. मी पत्र घेऊन थेट चाचांकडं गेलो. त्यांनी खालून वाचायला घेतलं, निम्म्यावर आले आणि चष्मा काढला.

"ही तक्रार मीच लिहिली, बेटा."

"दुकान कुठलं ते माहीत होतं?"

"व्हय. समोरच तर हाय."

"मग मला का नाही सांगितलं?"

"तांड्यावरच्या बाईला दवाखान्यात नवी किंमत कळली. तिनं लिहाया सांगितलं होतं. तुला सांगाया न्हाई."

चाचांनी टेबलावरचा कोरा कागद पुढं ओढला. "आता जवाब बी मीच लिहितो. बस."

तेवढ्यात शेठ आले. "चाचा, छापील किमतीच्या वर गेलो नाही आम्ही. मग गुन्हा कसला?"

"शेठ, सरकारच्या किमतीच्या हुकुमात 'किंवा' हाय. यादीतली किंमत किंवा पाकिटावरली. लोकायला वाटतं, 'किंवा' म्हंजे आपल्या मर्जीचं. पन पुढं लिहिलंय, जे कमी असेल ते. त्या 'किंवा'चा फैसला हुकुमानंच करून ठेवला. तुमाला ठेवलाच न्हाई."

"मग लिहा, यादी मिळालीच नाही."

चाचांनी आमच्या दुकानाकडं नुसतं बघितलं. रस्त्याच्या अलीकडूनसुद्धा माझे चार खिळे चमकत होते.

शेठ माझ्याकडं वळले. "हे लायसनवर आलं तर तू खोली रिकामी करायची," म्हणाले आणि गेले.

चाचांनी जवाब लिहून मला वाचून दाखवला. यादी लपवली नाही, ठळक लावली होती. विकणाऱ्यास वाचता आली नाही. जास्त घेतलेली रक्कम परत करत आहोत.

"चाचा, 'वाचता आली नाही' एवढं नका लिहू."

"काहून? खरं हाय ना? तेच वाचवील तुला."

शेठनी दोन दिवसांनी सही केली, माझ्याकडं न बघता. मी तांड्यावर जाऊन पैसे परत दिले. मला मान वर करवेना. ती बाई म्हणाली, "तुज्यावर न्हाई केली भाऊ तक्रार. किमतीवर केली."

औषध कार्यालयाचे साहेब तपासायला येणार होते. खोलीतली पेटी मी भरूनच ठेवली होती. चाचा रोज सकाळी दुकान उघडताना यायचे, मला यादीखाली उभं करायचे. "बोट ठेव. एकेक अक्षर." मी अडखळलो की म्हणायचे, "घाई न्हाई. किंमत कुटं पळून जाते?"

साहेब आले. जवाब वाचला आणि शेठना सोडून मलाच विचारलं, "आता येते का यादी वाचता?" मी यादीवर बोट ठेवलं. नाव सापडलं. किंमतही सापडली.

"आणि पाकिटावर याच्यापेक्षा जास्त छापली असेल तर?"

"जे कमी असेल ते, साहेब."

ताकीद मिळाली, लायसन राहिलं. तिसऱ्या दिवशी शेठनी माझ्यासाठीही चहा मागवला. मी पेटी उघडून कपडे परत दोरीवर टाकले.

मागच्या वर्षी चाचांना डॉक्टरनी रक्तदाबाच्या दहा गोळ्या लिहून दिल्या. मी यादी बघितली, स्ट्रिप बघितली, कमी ती किंमत सांगितली. चाचा खूश. मी विचारलं, "दहाही देऊ, का पाच?"

दोन बोटं वर झाली. "जे कमी असेल ते. बाकीच्या ठेव, येतो मी."

मी स्ट्रिप कापली. मुदत आणि किंमत छापलेला तुकडा माझ्याकडं राहिला. नेलेल्या पाच गोळ्या संपायच्या आत चाचा गेले.

तो तुकडा माझ्या खणात आहे. मुदत संपली म्हणून विकता येत नाही, टाकवत नाही. परवा त्या गोळीचीही किंमत उतरली. नवी यादी लावली, बोट ठेवून नाव शोधलं, खणातल्या तुकड्यावरची किंमत ताडून बघितली. यादीतली कमी होती. सांगायला म्हणून सवयीनं समोर बघितलं. पत्र्याखाली आता मोटरसायकली लावतात.