मूठभर पीठ

हॅमरफोर्ड गावात सगळी घरं गवतानं शाकारलेली, त्यामुळे जोब टॅरंटला कामाची कधी ददात पडली नाही. उजव्या पायाची तीन बोटं गेलेला हा माणूस शिडीवर असा चढायचा, की खाली उभ्या बायांचा जीव वरखाली व्हायचा. इंग्लंडातल्या विल्टशरच्या वाऱ्यात त्याची छपरं वीस-वीस वर्षं टिकत. पण पाणचक्कीचं छप्पर त्यानं कधी केलं नाही. चक्कीवाल्यानं तीनदा निरोप धाडला, तिन्ही वेळा जोबनं दुसऱ्या माणसाचं नाव सुचवलं. घरचं दळणसुद्धा शेजारची बेट्टी पाइक आणून द्यायची. चक्कीवाल्याशी त्याचं काहीतरी बिनसलं असणार, असं गाव म्हणायचं. तसं काही नव्हतं. त्याला हवेत उडणारं पीठ बघवत नव्हतं, एवढंच.

लढाईची हाक आली तेव्हा जोब चोवीस वर्षांचा होता. फ्रान्समधल्या लोकांनी आपल्याच राजाचं मुंडकं उडवलं आणि इंग्लंडच्या राजानं त्यांना धडा शिकवायला हॉलंडकडे पलटणी धाडायचं ठरवलं. जोब जत्रेत बिअर प्यायला आणि भरती होऊन आला. दीड महिन्यात धाकटा नॅटही त्याच्या मागोमाग गेला. त्याला ना राजाचं प्रेम होतं, ना फ्रेंचांचा राग. दादाशिवाय त्याला करमत नव्हतं. त्यांची आई टॅमझिन विधवा बाई होती. तिनं नॅटच्या कोटाची बटणं आपल्या हातानं लाल दोऱ्यानं पक्की करून दिली आणि जोबला म्हणाली, "त्याला भुकेला ठेवू नकोस. भूक लागली की तो रडका होतो. एवढं बघ, बाकी देव बघेल."

पलटणीत जोबला एक गंमत कळली. इथं पुरुषांना वेणी घालावी लागते. केस वाढवायचे, मेणबत्तीची चरबी चोपडायची, वर गव्हाचं पीठ भुरभुरायचं आणि मागं काळ्या फितीनं घट्ट वेणी बांधायची. डोकं पांढरंशुभ्र दिसलं नाही तर पाठीवर फटके. खायला किडके पाव देणारं सरकार डोक्याला मात्र चांगलं पीठ पुरवत होतं. पोटात काय गेलं हे कवायतीत कुठं दिसतं! आपली वेणी आपल्याला घालता येत नाही, म्हणून शिपाई जोडीजोडीनं बसत. जोबची नॅट घालायचा आणि नॅटची जोब.

"दादा, मान हलवू नकोस. नवरी आहेस का लाजायला?"

"ओढ कमी. कातडी निघेल."

"निघू दे. टकलाला फटके नसतात."

सगळी रांग हसायची. सार्जंटसुद्धा मिशीत हसायचा.

दुसऱ्या हिवाळ्यात हसू संपलं. हॉलंडमधल्या नद्या गोठल्या आणि फ्रेंच त्या बर्फावरून तोफा ओढत पलीकडे आले. इंग्रज पलटणी मागं हटत निघाल्या, उजाड माळावरून, गुडघाभर बर्फातून. येताना शिपायांनी तिथल्या लोकांच्या कोंबड्या आणि बिछाने पळवले होते, तेव्हा आता दारं कोण उघडणार? रोज सकाळी वाटेवर माणसं बसल्या जागी थिजलेली दिसत. नॅटला ताप होता. तीन दिवस कुणालाच पाव मिळाला नव्हता.

एका पडक्या कोठारात मुक्काम पडला. सार्जंट सांगून गेला, "सकाळी साहेब तपासणी करणार आहेत. जो शिपायासारखा दिसेल तो कंपनीबरोबर चालेल. बाकीचे आजाऱ्यांच्या गाड्यांत."

आजाऱ्यांच्या गाड्या इस्पितळात जात. तिथून परत आलेला माणूस कंपनीत कुणी पाहिला नव्हता.

पहाटे जोबनं डोक्याला लावायच्या पिठाची पिशवी उलटी केली. मूठभर पीठ निघालं. कोपऱ्यात कुणीतरी शेकोटी पेटवली होती, बर्फ वितळवलेलं पाणी खदखदत होतं. नॅट त्या पिठाकडे बघत होता.

"दादा, याची लापशी होईल रे. पातळ का होईना."

"आणि साहेबानं तुला गाडीत टाकलं म्हणजे?"

"थोडी खातो. थोडं डोक्याला लाव."

"थोड्यानं काय होतंय! कसा दिसतोयस, बघ जरा. आज चालायचं, गावात पोचलो की पाव वाटणार आहेत. एक दिवस कळ काढ, नॅट."

नॅट रडला नाही. भूक लागली की रडणारं ते पोर गप्प पाठ करून बसलं. जोबनं कडक झालेली चरबी तळहातावर चोळून मऊ केली, एकेक बट विंचरली, सगळं पीठ त्याच्या डोक्यावर घातलं आणि कधी घातली नव्हती इतकी नीट वेणी घातली.

तपासणी झालीच नाही. साहेब घोड्यावर बसून केव्हाच पुढं गेले होते.

आणि पुढच्या गावात पावही नव्हते. नॅट तिथपर्यंत पोचलाच नाही. दुपारी माळावर तो खाली बसला, म्हणाला, "जरा टेकतो, दादा," आणि उठला नाही. बर्फ पडून पीठ भिजलं आणि मानेवरून ओघळत कॉलरवर गोठलं. जोबच्या स्वतःच्या कोटाची लक्तरं झाली होती. त्यानं भावाचा कोट काढून अंगात घातला आणि चालू लागला. जगायचं तर तेच करावं लागत होतं. तरीही त्यानं स्वतःला त्याबद्दल कधी माफ केलं नाही.

जूनमध्ये तो लंगडत घरी आला. त्या साली इंग्लंडातच गहू मिळेना. बाया गव्हाच्या गाड्या अडवत होत्या. टॅमझिननं त्याच्यापुढं सातूच्या पावाचा तुकडा ठेवला, त्याचं खाऊन होईपर्यंत वाट बघितली, मग विचारलं, "उपाशी गेला का रे?"

जोबनं कानाची पाळी चोळली. "नाही, आई. पीठ होतं. मूठभरच होतं, पण सगळं त्यालाच दिलं. लापशी केली होती."

"गरम?"

"गरम."

तिनं मान हलवली आणि त्याचा कोट धुवायला घेऊन गेली.

महिन्याभरात बिअरच्या गुत्त्यात कुणीतरी बातमी वाचून दाखवली: धान्य महाग झालं म्हणून शिपायांनी डोक्याला पीठ लावणं आता बंद. लोक हसले. जोब बिअर तशीच ठेवून बाहेर निघून गेला. त्याच संध्याकाळी मेंढ्यांच्या कात्रीनं त्यानं आपली वेणी मुळापासून कापली.

पुढची सोळा वर्षं टॅमझिननं ती लापशी गावभर सांगितली. चर्चच्या दारात, विहिरीवर, कुणाकडे मयत झालं की तिथंही. "माझा नॅट उपाशी नाही गेला हो! त्याच्या भावानं शेवटची मूठ त्याला दिली." बेट्टी पाइक डोळे पुसायची आणि जोबकडे असं बघायची, की त्याला शिडीवरून उडी टाकावीशी वाटे. लग्नाचं विचारलं तर तो नाही म्हणायचा. भावाला उपाशी मारणाऱ्यानं पोरांना काय भरवायचं, असं तो मनाशी म्हणायचा. एकदाच तो आईवर ओरडला, "पुरे झालं ते, आई!" ती शांतपणे म्हणाली, "का? चांगलीच तर गोष्ट आहे." दुसऱ्या दिवशी तिनं ती पुन्हा सांगितली.

सोळाव्या वर्षी मार्चमध्ये टॅमझिननं अंथरूण धरलं. एका दुपारी तिनं बेट्टीला घरी पाठवलं, दार लोटून घ्यायला लावलं आणि जोबला जवळ बसवलं.

"आता खरं सांग," ती म्हणाली.

"काय खरं?"

"लापशीचं. तुझा कोट मी धुतला होता, जोब. तो नॅटचा होता. लाल दोरा माझा होता. भिजत घातला तर कॉलरमधून खळ निघाली, मूठभर. माझे हात बुळबुळीत झाले. पोटात गेलेलं पीठ कॉलरला कसं लागेल, बाळा? आणि खोटं बोलताना तू कान चोळतोस, लहान होतास तेव्हापासून."

जोबचा कानाकडे गेलेला हात खाली आला. तो म्हणाला, "मग गावभर का सांगत होतीस?"

"तू ऐकावंस म्हणून. रोज ऐकून तुला तरी खरं वाटेल, असं वाटलं मला. नाही वाटलं ना?"

"नाही."

"मग सांग आता. तो भेटला की सांगेलच मला. त्याच्या आधी तू सांग."

जोबनं सांगितलं. तपासणी, गाड्या, खदखदणारं पाणी, थोडी खातो म्हणालेला नॅट. साहेब आधीच निघून गेले होते, तेही सांगितलं. सोळा वर्षांत न रडलेला माणूस आईच्या पांघरुणात तोंड खुपसून हमसून हमसून रडला. तिनं त्याला रडू दिलं. तुझी चूक नव्हती, असं ती म्हणाली नाही. तिला खोटं बोलायचा कंटाळा आला असावा. ती त्याच्या आखूड केसांतून हात फिरवत राहिली, मग हलकेच म्हणाली, "कसा दिसत होता रे?"

"कोण?"

"नॅट. पीठ लावल्यावर."

जोबनं तोंड वर केलं. "छान दिसत होता, आई. साहेबासारखा."

"आणि वेणी? नीट घातली होतीस ना?"

"घट्ट घातली होती," जोब म्हणाला. "शेवटपर्यंत सुटली नाही."